टॅली नंबर सतरा

तोफखान्यातली आमची मीडियम रेजिमेंट राजस्थानात वाळू खात होती तेव्हा हुकूम आला. एक बॅटरी, म्हणजे तोफांची एक तुकडी, कोस्टल डिफेन्सला, किनाऱ्याच्या राखणीला. ठिकाण कोकण किनाऱ्यासमोरचं एक बेट. त्याचं नाव सांगत नाही, विचारू नका. त्या वर्षी सीमेवर तणाव होता आणि समुद्राच्या बाजूनं काही येईल अशी शंका वर कुणाला तरी आली होती. सहा तोफा बार्जवर चढवल्या आणि बेटावर उतरवल्या. सोबत गेलेल्या माणसांत मी होतो, गनर एकनाथ मुंगसे, मुक्काम चिंबळी, तालुका खेड. आणि माझा दोस्त गनर दत्ता सूर्यवंशी, मूळचा लातूरकडचा, नंतर चिखलीत बहिणीकडे राहिलेला.

आता मी चाकणच्या एका कंपनीत सिक्युरिटी सुपरवायझर आहे. दरवर्षी सुरक्षा सप्ताह असतो. पोस्टर लागतात, शपथ होते, समोसा मिळतो. यंदा एचआरच्या मॅडम म्हणाल्या, "काका, तुम्ही तोफखान्यात होता ना? दोन पानं लिहून द्या. थोडं थरारक लिहा." मला थरारक लिहिता येत नाही. काय झालं आणि किती वाजता झालं, एवढंच सांगता येतं. दोन पानांत मावलं नाही, त्याला इलाज नाही.

लोक पहिला प्रश्न हाच विचारतात की तुम्ही किती जहाजं बुडवली? एकही नाही. किनाऱ्यावरच्या तोफेचं काम जहाज बुडवण्याआधीच सुरू होतं. जहाज लाटेवर डुलतं, त्यामुळं त्याचा नेमही डुलतो. आमची तोफ जमिनीवर घट्ट बसलेली. समोरच्या प्रत्येक खडकाचं अंतर आम्हाला पाठ. हे समोरच्या कप्तानाला माहीत असतं, म्हणून तो जवळच येत नाही. चिंबळीला आमच्याकडे वाघ्या नावाचा कुत्रा होता. जन्मात कुणाला चावला नाही, पण आमच्या कणग्यांना कधी चोराचा हात लागला नाही. तसं ते काम. शिवाजी महाराजांनी खाडीच्या तोंडाशी किल्ले बांधले ते त्याचसाठी. इंग्रजांनी बंदरांच्या तोंडाशी तोफांचे मोर्चे, म्हणजे बॅटऱ्या, खोदल्या त्याही त्याचसाठी. पुढं विमानं आली, क्षेपणास्त्रं आली, आणि जागेवर रोवलेल्या तोफा भंगारात गेल्या. आता तेच काम ट्रकवरची क्षेपणास्त्रं करतात. आज इथं, उद्या तिथं.

आमच्या बेटावर इंग्रजांच्या काळातली अशीच एक बॅटरी होती. त्यांच्या दोन तोफा गंजून पडलेल्या. आमच्या तोफा त्यांच्या शेजारी लावल्या. दारूगोळा ठेवायला मात्र आम्ही त्यांचीच मॅगझिन वापरली. मॅगझिन म्हणजे जमिनीखालचं कोठार. खडकात कोरलेल्या एकामागं एक तीन खोल्या. तिसऱ्या खोलीतून एक उभं भुयार वर निघत होतं. पूर्वी त्यातून लिफ्टनं गोळा थेट तोफेपाशी जायचा. लिफ्ट केव्हाच गेली होती. भुयाराच्या तोंडावर लोखंडी पत्रा बोल्ट करून बसवलेला होता. तो पत्रा आमच्या तीन नंबरच्या तोफेपासून चार पावलांवर.

बेट लहान. एका टोकावरून दुसऱ्या टोकाला जायला वीस मिनिटं. आठवड्यातून एक बोट. चारी बाजूंनी पाणी आणि पाणी प्यायचं म्हटलं तर मोजून. दत्ता म्हणायचा, "एक्या, लातूरला पाणी नव्हतं म्हणून पळालो, आणि देवानं आणून टाकलं कुठं बघ." हसायचा आणि खारट वाऱ्यात तोंड पुसायचा. महिनाभरात सगळ्यांची एकमेकांशी दोनदा भांडणं आणि दोनदा समेट होऊन झाली. दत्ताशी कुणाचं भांडण झालं नाही. माणूसच तसा. काम हातात घेतलं की बारीक. बुटाची लेस दोन्ही बाजूंनी सारखी आली पाहिजे असा.

मॅगझिनच्या दाराशी हवालदार पिल्लै असायचे. केरळचे, गोळ्यांत केस पांढरे झालेले. आत जाताना माचिस, विडी, घड्याळ, पट्टा, सगळं त्यांच्याकडे द्यायचं. बूट काढून कॅनव्हासचे जोडे घालायचे. मग टॅली. टॅली म्हणजे पितळी बिल्ला, त्यावर नंबर ठोकलेला. माझा सोळा, दत्ताचा सतरा. दाराशेजारी लाकडी फळा, त्यावर खिळे. आत जाताना टॅली खिळ्याला लावायची, बाहेर येताना काढायची. फळ्यावर टॅली असली तर माणूस आत आहे. फळा मोकळा तर मॅगझिन मोकळी. पिल्लै साहेब रोज एकच वाक्य सांगायचे, "अपना टॅली, अपना हाथ." आम्ही त्यांची नक्कल करायचो.

आता माझी सवय सांगतो, कारण सगळं तिथंच अडलं. भरतीआधी मी आणि दत्ता भोसरीत पत्र्याचे पार्ट ठोकणाऱ्या एका प्रेस शॉपमध्ये हेल्पर होतो. एकाच मशिनवर, एकाच शिफ्टला. गेटवर भिंतीला हजेरीचं कार्ड मारायचं मशिन. मी सायकलवरून यायचो, तो चिखलीहून. ज्याला उशीर होईल त्याचं कार्ड दुसऱ्यानं मारायचं. सुटताना एक जण हात धुवायला थांबला तर दुसरा दोघांची कार्डं मारणार. "तू ये निवांत, तुझं मी मारतो." भोसरीत यालाच दोस्ती म्हणत. यात काही चूक आहे असं आम्हाला कधी वाटलंच नाही, राव. त्या औद्योगिक पट्ट्यातल्या कुठल्याही जुन्या कामगाराला विचारा.

त्या दिवशी सकाळी ०९४० ला मी आणि दत्ता तिसऱ्या खोलीत गोळे फिरवत होतो. दमट हवेत गोळे एका अंगावर पडून राहिले की गंज धरतो, म्हणून ते उलटायचे. एकेक गोळा तेहतीस किलोचा. तुम्ही म्हणता पोटात गोळा आला. आमचा गोळा पोटाला लावून उचलायचा.

०९५२ ला हूटर झाला. टेक पोस्ट. प्रत्येकानं धावत आपल्या जागी.

मी निघालो. दत्ताच्या पुढ्यात ट्रॉलीवर एक गोळा तसाच होता, न बांधलेला. ट्रॉली हलली असती तर तो खाली आला असता.

"चल की, बघायलास काय?" मी त्याच्याच बोलीत ओरडलो.

"हा रॅकवर ठेवतो अन् आलोच. तू हो पुढं. माझी पण टॅली काढ."

"काढतो."

एवढंच बोलणं झालं. मी दाराशी आलो. पिल्लै साहेब पाठमोरे होते, दुसऱ्या पार्टीला सामान परत देत होते. मी सोळा काढला, सतरा काढला, दोन्ही खिशात घातले आणि पायऱ्या चढून तीन नंबरला पळालो. डोक्यात विचार शून्य. हातानं काम केलं, भोसरीच्या गेटवर करायचा तसं.

दारूगोळ्याच्या ड्रिलप्रमाणं तोफा डागायच्या असतील तर मॅगझिन बंद करायची, म्हणजे ठिणगी आत जात नाही. पिल्लै साहेबांनी फळा पाहिला. मोकळा. आत तोंड घालून हाकही मारली, "कोई है?" हूटर चालू होता. तिसऱ्या खोलीपर्यंत कुणाची हाक जाते? ०९५८ ला त्यांनी दिवा बाहेरून बंद केला, हवेच्या झडपा लावल्या आणि दाराला बाहेरून दोन्ही कड्या घातल्या. त्यांनी सगळं नियमानं केलं. हे मी आज लिहून देतो.

वर तोफेवर आमचा नंबर वन, म्हणजे तोफेचा प्रमुख, हवालदार मोरे. साताऱ्याचा कडक गडी. रेडिओवर ओपीतून, म्हणजे टेकडीवरच्या निरीक्षण चौकीतून, कॅप्टन साहेबांचा आवाज.

"अननोन व्हेसल. बेअरिंग टू फोर झिरो. नो रिप्लाय. ऑल गन्स रिपोर्ट."

"थ्री रेडी," मोरे म्हणाला.

"स्टँड बाय."

स्टँड बाय म्हणजे हलायचं नाही. मी दुर्बिणीला डोळा लावून बसलो. ऊन तापत होतं. दत्ता दारूगोळा पार्टीत, म्हणजे मागच्या आडोशाला असणार असं सगळ्यांनी धरलं. मीही तेच धरलं. आडोशाकडे मान वळवून बघायचं एवढंच काम होतं. मी वळवली नाही. बघितलं असतं तर कळलं असतं.

१०२० ला पत्र्यावर ठोका पडला.

पहिल्यांदा वाटलं वारा. मग तीन ठोके. थांबून परत तीन. खालून. पत्रा जाड, आवाज बारीक येत होता, दातानं नख कुरतडावं एवढा. बाकीचे चार पावलं पलीकडे होते, कानावर रेडिओ होता. त्या बाजूला मीच. मला कळलं. माझ्या खिशात दोन टॅली होत्या. मांडीला टोचत होत्या.

आता खरं सांगतो. मी गप्प बसलो.

मॅगझिनमध्ये दुसऱ्याची टॅली काढणं म्हणजे कोर्ट मार्शल. नोकरी जाणार. गावात तोंड काय दाखवणार? आईनं आळीभर पेढे वाटले होते. मी स्वतःला म्हणालो, आता स्टँड डाऊनचा, म्हणजे मोकळं व्हायचा हुकूम होईल, दार उघडेल, दत्ता शिव्या घालत बाहेर येईल, टॅली गुपचूप त्याच्या हातात देऊ, विषय संपला. आत हवा भरपूर आहे, दोन तास काही होत नाही. हा हिशोब बरोबरच होता. फक्त दत्ता आत शांत बसून राहील हे मी धरून चाललो. वर टेक पोस्ट झालेली आणि तो खाली अडकलेला. तो बसणारा माणूस नव्हता. अंधारात चाचपडत तो त्या भुयारात शिरला होता आणि लिफ्टच्या जुन्या कड्यांना धरून पत्र्यापर्यंत चढला होता. डोक्यावर पत्रा, पायाखाली तीस फूट काळोख, एका हातानं कडी धरलेली आणि दुसऱ्या हातानं ठोकतोय. आणि पत्र्याच्या अलीकडे मी. त्यानं आवाज द्यायचा आणि मी ऐकायचा, दोघंही जागचे हलू शकत नव्हतो. तो हलू शकत नव्हता हे खरं. मी हलू शकत होतो.

"टार्गेट क्लोजिंग. स्टँड बाय."

तीन ठोके. मी दुर्बिणीत बघत राहिलो.  समुद्रावर एक ठिपका, तो मोठा होईना आणि लहानही होईना.

१०३१ ला ठोके थांबले. आधी काहीतरी घासल्यासारखं झालं, मग खूप खाली धप्प. खोटं कशाला सांगू, क्षणभर मला बरं वाटलं. ठोके थांबले म्हणून बरं वाटलं. या एका क्षणाची मला आजपर्यंत शिसारी आहे.

१०३५ ला मी बोललो. "मोरे साहेब, खाली माणूस आहे."

"कुठं खाली?"

"मॅगझिनमध्ये. दत्ता आहे."

"तुला काय ठाऊक?"

"पत्र्यावर ठोके ऐकले."

मोरेनं माझ्याकडे एकदा पाहिलं आणि रेडिओ उचलला. मला खाली जायची परवानगी मिळाली. मी आणि पिल्लै साहेबांनी कड्या काढल्या. पहिली खोली, दुसरी खोली, तिसरी. ट्रॉली रिकामी. तो गोळा रॅकवर, नीट, पट्टा आवळलेला. दत्ता भुयाराच्या तळाशी पाठीवर पडला होता. शुद्धीवर होता. पाय हलत नव्हते.

पिल्लै साहेब स्ट्रेचरसाठी ओरडत पळाले. आम्ही दोघंच उरलो.

"एक्या," तो म्हणाला, "टॅली दे."

"काय?"

"माझी टॅली दे म्हणतो. लवकर."

मी खिशातून सतरा नंबर काढून त्याच्या हातात दिला. त्यानं मूठ मिटली. मला वाटलं तो भ्रमात आहे.

१०५० ला कळलं की समोरचं व्हेसल म्हणजे मच्छीमारांचा ट्रॉलर होता. इंजिन बंद, वायरलेस बंद, वाहत आलेला. स्टँड डाऊन झालं. एकही गोळा सुटला नाही.

दत्ताला किनाऱ्यावरच्या इस्पितळात न्यायला बोट मागवली, तिच्यात कॅप्टन साहेब त्याच्याजवळ बसले होते. त्यांनी विचारलं, टॅली कुणी काढली? दत्तानं मूठ उघडून दाखवली. "मीच काढली साहेब. गोळा राहिला म्हणून परत आत गेलो. परत लावायला विसरलो." साहेबांनी ते लिहून घेतलं. मी त्याच बोटीत होतो, त्याच्या पायाशी. तो माझ्याकडे बघत नव्हता. माझं तोंड उघडलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी इस्पितळात दत्ता गेला. चौकशीत निष्कर्ष निघाला, स्वतःच्या निष्काळजीपणामुळे मृत्यू. रेजिमेंटच्या शहीद फलकावर त्याचं नाव आलं नाही. पिल्लै साहेब त्यानंतर जेवायला बसले की अर्ध्यातून उठायचे. मी पुढं लान्स नाईक झालो, नाईक झालो, हवालदार झालो. प्रत्येक फीत लावताना वाटायचं की कुणीतरी आता उठेल आणि म्हणेल, याचा खिसा तपासा. कुणी उठलं नाही. मी बेटावरून कधीच उतरलो, पण त्या पत्र्याजवळून काही हललो नाही. निवृत्तीनंतर देहूरोडच्या लष्करी कॅन्टीनला जातो तिथं जुने लोक भेटतात. कुणी कोस्टल पोस्टिंगचा विषय काढला की मी चहा अर्धा सोडून निघतो.

मग हे आज का लिहितोय? गेल्या महिन्यात कंपनीत सांडपाण्याच्या टाकीची सफाई होती. टाकीत उतरणाऱ्यानं टाकीच्या तोंडाशी फळ्यावर नावाची पट्टी लावायची असा नियम आहे. सकाळी ११ च्या सुमाराला मी राउंडला गेलो. ठेकेदाराचा एक माणूस, चाळिशीचा, जालन्याकडचा, वर येऊन फळ्यावरच्या दोन पट्ट्या काढत होता.

"दुसरी कुणाची?" मी विचारलं.

"भाऊसाहेबाची. तो येतोच आहे साहेब, माझ्या मागंच आहे."

झाकण लावायला क्रेनवाला तयार उभा. मी असा ओरडलो की शॉप फ्लोअरवरची माणसं बाहेर आली. मी त्या माणसाची कॉलर धरली होती म्हणे. मला आठवत नाही. भाऊसाहेब तीन मिनिटांनी वर आला, चिखलानं माखलेला, आणि म्हणाला, "काय झालं काय एवढं?" मला तिथंच फुटपाथच्या कडेवर बसावं लागलं. मॅनेजर म्हणाले, काका, बीपी चेक करा.

त्या रविवारी मी चिखलीला गेलो. दत्ताच्या बहिणीकडे, आक्काकडे. तिचे मिस्टर आता नाहीत, सून कामाला जाते, आक्का घरीच असते. अंत्यविधीनंतर मी तिच्या दारात गेलो नव्हतो. तिनं लगेच ओळखलं.

"एकनाथ? अरे देवा, केवढा म्हातारा झालास! बस. चहा टाकते."

"चहा नको आक्का. आधी ऐक."

मी उभ्या उभ्या सगळं सांगितलं. वेळांसकट. ०९५२ पासून १०३५ पर्यंत.  ती पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली. भिंतीवर दत्ताचा युनिफॉर्ममधला फोटो होता.

"म्हणजे तो विसरला नव्हता?" तिनं विचारलं.

"न्हाई आक्का. तो कधीच काही विसरला न्हाई. गोळा बांधून ठेवला होता त्यानं."

"अन् मी येवढी वर्षं त्याला वेंधळा म्हणायले." तिचा आवाज फाटला. "दर सणाला नैवेद्य दाखवते अन् त्याच्या फोटोला रागावते. म्हणते, मेल्या, लेस सारखी बांधत बसायचास तासभर, अन् येवढं एक कसं विसरलास? बहिणीचा जीव नव्हता का आठवत? तो बिचारा गप ऐकून घ्यायला माझं."

मग ती रडली. मीही रडलो. माफ केलं असं ती म्हणाली नाही. मी मागितलंही नाही, कारण ते मागायचं तोंड नाही मला. एवढं सांगितलं की रेकॉर्ड ऑफिसला पत्र टाकलंय, सही करून, त्यात टॅली मी काढली हे लिहिलंय. पुढं माझं जे व्हायचं ते होवो. निष्काळजीपणा हा शब्द त्याच्या नावापुढून निघाला पाहिजे. पत्राला अजून उत्तर नाही. मी वाट बघतोय.

आक्का उठून आत गेली. येताना हातात एक लहान स्टीलचा डबा. त्याच्या सामानाबरोबर आलेला. आत त्याचं घड्याळ, एक कंगवा, आणि पितळी बिल्ला. हिरवट पडलेला. १७.

"हे काय आहे ते मला कुणी सांगितलंच नाही," ती म्हणाली. "मला वाटलं देवाचं काही असंल."

मी सांगितलं. आत जाताना खिळ्याला लावायची. लावली असली की माणूस आत आहे हे सगळ्यांना कळतं, आणि त्याला घेतल्याशिवाय कुणी दार लावत नाही.

तिनं फोटोकडे पाहिलं. फोटोखाली एक मोकळा खिळा होता, सणाला हार अडकवायचा. मग तिनं टॅली माझ्यापुढं धरली.

"तूच काढलीस ना?" ती म्हणाली. "मग तूच लाव."

मी बूट काढले, भिंतीपाशी गेलो आणि लावली.

गनर दत्ता सूर्यवंशी. टॅली नंबर सतरा.